मुक्काम पोस्ट लखनौ : दूरदर्शनच्या एका विनोदकाराची वाटचाल

दूरचित्रवाणीसाठी विनोद लिहिणाऱ्या माणसाची साहित्याच्या इतिहासात फारशी नोंद होत नाही. नटाचा चेहरा लोकांच्या लक्षात राहतो, शीर्षकगीत वर्षानुवर्षं गुणगुणलं जातं, आणि ज्याने हे सगळं आधी कागदावर उतरवलं त्याचं नाव श्रेयनामावलीत आलं तसं सरकून जातं. कादंबरी वाचनालयात सापडते, नाटकाचे प्रयोग पुन्हा लागतात. मालिकेची संहिता मात्र चित्रीकरण संपलं की कपाटात जाते आणि बहुधा तिथूनच रद्दीत. त्यामुळे अशा लेखकाची उभी कारकीर्द मांडायची तर वर्तमानपत्रांतली सदरं, कविसंमेलनांच्या आठवणी, हौशी संस्थांचे नाट्यप्रयोग आणि सिनेमाची श्रेयनामावली असं सगळीकडे फिरावं लागतं. लखनौचे के. पी. सक्सेना आणि त्यांच्या आगेमागे त्या शहरात विनोद लिहिणारी माणसं यांच्याविषयीचं हे पुस्तक ती पायपीट करतं. म्हणूनच त्याला चार शब्द जोडताना मला मनापासून आनंद होतो आहे.

कालिकाप्रसाद सक्सेना हे नाव मराठी वाचकाला ठाऊक असेलच असं नाही. त्यांचे शब्द मात्र त्याने नक्की ऐकले आहेत. 'लगान' (२००१), 'स्वदेस' (२००४) आणि 'जोधा अकबर' (२००८) हे आशुतोष गोवारीकरांचे तिन्ही चित्रपट सक्सेनांच्या संवादांवर उभे आहेत. पण सिनेमाने त्यांना मोठं केलं असं म्हणणं चूक ठरेल. 'लगान' पडद्यावर यायच्या आदल्याच वर्षी, म्हणजे २००० साली, त्यांना पद्मश्री मिळाली होती. त्यामागे व्यंग्यलेखन, रंगभूमी, आकाशवाणी आणि लखनौ दूरदर्शन यांसाठी केलेलं काही दशकांचं काम होतं. मुंबईतला सिनेमा त्यांच्याकडे आला तेव्हा ते वयाची साठी ओलांडून पुढे गेलेले, आणि राहायला लखनौतच. पुढेही तिथेच राहिले आणि ३१ ऑक्टोबर २०१३ रोजी तिथेच वारले.

या चरित्रातून मला एक गोष्ट ठळकपणे दिसते. विनोदी लेखकाचं खरं भांडवल म्हणजे त्याच्या कानावर रोज पडणारं बोलणं. कथानक उसनं मिळतं, प्रसंग बेतता येतात. एखादं माणूस रागावल्यावर कसं बोलतं, लाजल्यावर वाक्य कुठे तोडतं, मोठ्या माणसासमोर खोटं कसं सजवतं, हे मात्र वर्षानुवर्षं ऐकल्याशिवाय लिहिता येत नाही. सक्सेनांनी ते ऐकलं आणि आयुष्यभर त्याच शिदोरीवर लिहिलं.

लखनौची विनोदपरंपरा

सक्सेना जन्माने बरेलीचे, पण त्यांचा विनोद पूर्णपणे लखनौचा. या शहरात विनोद हा लिहायचा आणि छापायचा, वेळेवर द्यायचा व्यवहार म्हणून दीडशे वर्षांपूर्वीच रुजला होता. १८७७ साली मुन्शी सज्जाद हुसेन यांनी इथून 'अवध पंच' हे उर्दू विनोदी साप्ताहिक सुरू केलं. लंडनच्या 'पंच'चा नमुना समोर असला तरी त्याची थट्टामस्करी अस्सल लखनवी होती. इंग्रजी अंमल, त्या अंमलाला भुललेले नवशिक्षित आणि गतवैभवात रमलेले नवाब अशा साऱ्यांवर त्याने शेरे मारले. अकबर इलाहाबादींसारखे कवी त्यात लिहीत.

त्याच सुमारास मुन्शी नवल किशोर यांच्या 'अवध अखबार'मध्ये रतननाथ सरशार यांची 'फसाना-ए-आझाद' ही कथा क्रमशः येऊ लागली. मालिका-लेखनाचा विचार करणाऱ्याने या लेखनाकडे जरूर पाहावं. अंकामागून अंक निघतो आहे, वाचक पुढच्या हप्त्याची वाट पाहतो आहे, आणि लेखकाला छापखान्याची वेळ गाठायची आहे. कथानक भरकटतं, मध्येच जत्रा येते, मध्येच मुशायरा येतो. हे सारं सांधून धरतो तो नायकाचा जोडीदार खोजी. अंगाने चिमुकला, अफूचा शौकीन आणि तोंडाने महायोद्धा. मार खाल्ला की तो आपली करौली, म्हणजे कट्यार, हाताशी नव्हती म्हणून हळहळतो. करौली असती तर एकेकाला आडवा केला असता! प्रसंग बदलतात, मार देणारे बदलतात, खोजीची ही हळहळ तीच राहते, आणि ती कधी येते याकडे वाचक कान लावून बसतो. आजच्या मालिकांत एखाद्या पात्राच्या तोंडी एकच ठेवणीतलं वाक्य दर भागात येतं आणि प्रेक्षक त्याची वाट पाहतात, त्या युक्तीचा हा थोर पूर्वज आहे. प्रेमचंदांनीही पुढे या भल्यामोठ्या कथेचं हिंदीत संक्षिप्त रूप केलं.

नवाबी दरबारातले भांड नकला करत, दास्तानगो रात्ररात्र कथा रंगवत. अब्दुल हलीम शरर यांनी जुन्या लखनौविषयी लिहिताना या कलावंतांची आवर्जून दखल घेतली आहे. राजवट गेली, दरबार गेले. बोलण्याची लकब मात्र चौक या जुन्या वस्तीतल्या गल्ल्यांतून, इक्केवाल्यांकडून आणि पानवाल्यांकडून पुढे चालत आली. पुढच्या विनोदकारांना हा ऐवज आयता मिळाला.

आकाशवाणीची शाळा

लखनौ आकाशवाणी केंद्र २ एप्रिल १९३८ रोजी सुरू झालं. दूरचित्रवाणीच्या विनोदाचा पाया इथे घातला गेला, असं मी म्हणेन. रेडिओवर चेहरा नाही, नेपथ्य नाही, घसरून पडण्याची सोय नाही. हसवायचं ते निव्वळ आवाजातून. चंद्रभूषण त्रिवेदी, म्हणजे अवधच्या खेड्यापाड्यांचे लाडके रमई काका, यांनी हे फार सुंदर करून दाखवलं. त्यांची 'बहिरे बाबा' ही अवधीतली हास्यनाटिका अफाट गाजली. ऐकू न येणारा म्हातारा समोरच्याचं भलतंच ऐकतो आणि त्याला तितक्याच आत्मविश्वासाने उत्तर देतो, एवढीच तिची मूळ कल्पना. पण ती चालवायला दोन शब्दांच्या ध्वनींतलं नेमकं साम्य हेरावं लागतं. त्या साम्यातून निघणारा दुसरा अर्थ खेडुताच्या जगातला असावा लागतो, आणि श्रोत्याला तो बाबांच्या क्षणभर आधी कळावा लागतो. असं लिहिणाऱ्याला भाषेच्या नाडीवर बोट ठेवूनच बसावं लागतं.

अमृतलाल नागरही काही वर्षं याच केंद्रात नाट्यविभागात होते. त्याआधी ते मुंबईच्या सिनेमासृष्टीत पटकथा-संवाद लिहून आले होते, आणि तरुणपणी त्यांनी लखनौतून 'चकल्लस' नावाचं विनोदी पत्र चालवलं होतं. मराठी माणसाने नागरांचं ऋण मानायला हवं. विष्णुभट गोडशांचा 'माझा प्रवास' त्यांनी 'आँखों देखा ग़दर' या नावाने हिंदीत नेला. लखनौच्या चौकात राहून त्या वस्तीची बोली त्यांनी कादंबऱ्यांत उतरवली. विद्यार्थी म्हणून लखनौ विद्यापीठात आलेला एक तरुण त्यांना गुरू मानत असे. तो म्हणजे मनोहर श्याम जोशी. ७ जुलै १९८४ रोजी दूरदर्शनवर सुरू झालेली 'हम लोग' त्यांनीच लिहिली. 'कक्काजी कहिन' आणि 'मुंगेरीलाल के हसीन सपने' या त्यांच्या विनोदी मालिकांनी देशाला हसवलं. त्यातला 'कक्काजी' त्यांच्या 'नेताजी कहिन' या राजकीय व्यंग्यलेखनातून आला होता, आणि त्याची भाषा पूर्वेकडच्या बोलीत भिजलेली होती. म्हणजे दिल्लीत बसून देशभरासाठी लिहितानाही त्यांना बळ मिळालं ते तरुणपणी कानावर पडलेल्या बोलण्यातूनच.

नोकरी, सदर, मंच आणि स्टुडिओ

सक्सेनांचं शिक्षण वनस्पतिशास्त्राचं. काही काळ त्यांनी महाविद्यालयात तो विषय शिकवला, मग रेल्वेत नोकरी धरली आणि स्टेशन मास्तर म्हणून काम केलं. विनोदी लेखकाला यापेक्षा चांगली शाळा कोणती? फलाटावर सगळ्या थरांची माणसं येतात आणि सगळी घाईत असतात. घाईतला माणूस बोलण्याचे मुखवटे बाजूला ठेवतो. साहेब, हमाल, वरातीतले वऱ्हाडी, तिकीट नसलेला विद्यार्थी, सगळे स्टेशन मास्तरकडे तक्रार घेऊन येतात, आणि प्रत्येकाची तक्रार मांडण्याची तऱ्हा वेगळी.

नोकरी सांभाळून ते हिंदी नियतकालिकांत आणि वर्तमानपत्रांत भरभरून लिहीत राहिले. त्यांच्या लेखांतून भेटणारा मिर्झा आणि त्याच्या तोंडचं नजाकतदार बोलणं वाचकांच्या घरातलं होऊन गेलं. कविसंमेलनाच्या मंचावर कवींच्या रांगेत बसून ते गद्य वाचत. मध्य प्रदेशचे शरद जोशीही तसंच करत, आणि 'ये जो है ज़िंदगी' लिहून दूरदर्शनच्या विनोदाला त्यांनीही घडवलं. दोघांची ही समान वाट योगायोगाची नाही. कवीला लय सांभाळून घेते, चाल सांभाळून घेते. गद्य वाचणाऱ्याला दोन मिनिटांत हशा मिळाला नाही तर हजारांचा समुदाय चुळबुळ करू लागतो. कोणत्या वाक्यावर लोक हसतात, कुठे थांबलं की हशा वाढतो, कुठला शब्द मागच्या रांगेपर्यंत पोचत नाही, हे तिथे त्याच रात्री कळतं. टीव्हीच्या लेखकाला प्रेक्षक दिसत नाही. ज्याने मंचावर त्याचा श्वास ऐकला आहे, त्याला तो न दिसताही जाणवतो.

रंगभूमीसाठीही त्यांनी लिहिलं. त्यांची 'गज फुट इंच' ही एकांकिका हिंदी पट्ट्यातल्या हौशी संस्था आणि शाळा-महाविद्यालयं अजून हौसेने करतात. कापड दुकानदाराचा लाजाळू मुलगा टिल्लू हा तिचा नायक. वडिलांच्या दुकानापलीकडचं जग त्याला माहीतच नाही. लग्नाच्या गोष्टी निघतात, मुलीशी बोलायची वेळ येते, आणि हा काहीही बोलू लागला की गाडी कापड, माप आणि भाव यांवर येऊन थांबते. बघणारा हसतो, पण टिल्लूला कमी लेखत नाही. एकाच धंद्यात वाढलेल्या मुलाला प्रेमाची बोलीही त्या धंद्यातूनच शोधावी लागते, हे त्याला पटतं. पात्राची भाषा हीच पात्राची अडचण, आणि तीच विनोदाची खाण. सक्सेनांच्या लेखनाची ही गुरुकिल्ली आहे.

लखनौ दूरदर्शन केंद्र २७ नोव्हेंबर १९७५ रोजी सुरू झालं. या केंद्रासाठी सक्सेनांनी लिहिलेली 'बीबी नातियोंवाली' ही मालिका त्या प्रदेशात घरोघर पाहिली गेली, आणि तिचं नाव आजही तिथले जुने प्रेक्षक काढतात. तेव्हाचं प्रादेशिक केंद्र म्हणजे मोजकी नेपथ्यं, मोजके कॅमेरे, तुटपुंजं मानधन आणि आकाशवाणी-नाटकातून आलेले नट. पाठलाग, स्फोट, परदेशातली दृश्यं हे सगळं बाद. एक बैठकीची खोली, एक अंगण, फार तर गल्लीचं टोक. कॅमेऱ्याला हिंडायला जागाच नसेल तर माणसांच्या बोलण्याने ती जागा निर्माण करावी लागते. या टंचाईत लखनवी बोलीचं सोनं झालं.

ते कसं, याचा माझ्या मनातला एक नमुना देतो. समजा, शेजाऱ्याच्या बकरीने कुणा लखनवी गृहस्थाची गुलाबाची रोपं फस्त केली. दुसऱ्या शहरात थेट भांडण जुंपेल. हा गृहस्थ शेजाऱ्याकडे जाईल, आधी तब्येतीची चौकशी करील, मुलाबाळांना दुआ देईल, आणि मग हात जोडून म्हणेल, "हुजूर, आपकी बकरी का ज़ौक़ माशाल्लाह बड़ा बुलंद है, हमारे गुलाब के सिवा कुछ चखती ही नहीं." राग जितका मोठा तितकी अदब जास्त. शेजारीही कच्चा नसतो. तो बकरीच्या वतीने शुक्रिया अदा करतो, आणि उद्या तिला पुन्हा खिदमतीत पाठवण्याचं वचन देतो! दोघांपैकी कोणीही आवाज चढवलेला नाही, तरी रणकंदन पुरं झालेलं आहे. असा प्रसंग लिहायला लेखकाला दोन गोष्टी साधाव्या लागतात. पहिली, प्रत्येक वाक्य मागच्यापेक्षा एक पायरी अधिक विनम्र हवं. दुसरी, घाव वाक्याच्या अगदी शेवटी हवा. हिंदीत आणि मराठीतही क्रियापद शेवटी येतं, त्यामुळे होकार की नकार हे ऐकणाऱ्याला अखेरच्या अक्षरापर्यंत कळत नाही. जाणता लेखक या रचनेचा पुरेपूर फायदा घेतो, आणि जाणता नट त्या अखेरच्या अक्षराआधी पाव सेकंद थांबतो.

लखनौचे शब्द, कृष्णेचा घाट

'लगान'मधलं चंपानेर हे १८९३ सालचं कल्पित गाव. गोवारीकरांना तिथली माणसं अवधी वळणाची बोली बोलणारी हवी होती, पण ती देशभर समजलीही पाहिजे होती. शुद्ध बोली ठेवली तर पुण्या-मुंबईचा प्रेक्षक तुटतो. प्रमाण हिंदी ठेवली तर गाव खोटं वाटतं. सक्सेनांनी अवधी, ब्रज आणि भोजपुरी यांच्या मिश्रणातून एक बोली बेतली. तिचे प्रत्यय आणि हेल बोलीचे, शब्द बहुतांशी सर्वांच्या ओळखीचे. आता त्यातली विनोदी पात्रं आठवून पाहा. कोंबड्यांमागे धावणारा भुरा, अंगात आल्यासारखा बोलणारा गुरन. त्यांच्या बोलण्यातून शेवटच्या सामन्यापर्यंतच्या ताणात हशाची जागा राहते. भुरा साकारणारे रघुवीर यादव हेच एके काळचे मुंगेरीलाल, हाही एक सुंदर दुवा. रेडिओ, मंच आणि छोट्या पडद्यावर घासून तयार झालेली कला इथे मोठ्या पडद्याला कामी आली, आणि तो चित्रपट ऑस्करच्या अंतिम नामांकनापर्यंत पोचला.

'स्वदेस' तर आपल्या अंगणातच घडला. उत्तर प्रदेशातलं म्हणून दाखवलेलं चरणपूर उभं राहिलं ते वाईजवळच्या मेणवलीत, नाना फडणवीसांच्या वाड्याशेजारी, कृष्णेच्या घाटावर. लखनौच्या लेखकाचे शब्द साताऱ्याच्या मातीत बोलले गेले आणि कुणालाही ते उपरे वाटले नाहीत. बोली नेमकी असली की ती गावाला जन्म देते, मग तिथे नदी कोणतीही वाहो. 'जोधा अकबर'मध्ये त्याच लेखणीने दरबारी उर्दूची घरंदाज चाल धरली.

आपल्यासाठी

मराठीत हे पुस्तक हवं होतं, कारण ही कहाणी आपल्यालाही लागू पडते. १९५९ साली दिल्लीत दूरचित्रवाणी सुरू झाली तेव्हा तिच्या पहिल्या निर्मात्यांत पु. ल. देशपांडे होते. रेडिओ, रंगभूमी आणि लेखन या सगळ्या वाटांनी ते आले होते, अगदी सक्सेनांसारखेच. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई केंद्र सुरू झालं आणि 'गजरा'तल्या छोट्या प्रहसनांनी, पुढे 'चिमणराव'ने मराठी घरांत टीव्हीवरचा विनोद आणला. चिमणरावांचे जनक चिं. वि. जोशी हे बडोद्याला पालीचे अध्यापक होते, आणि मध्यमवर्गी मराठी घरातलं बोलणं त्यांनी जसंच्या तसं कानात साठवलं होतं. म्हणूनच पुस्तकातून पडद्यावर जाताना त्यांच्या संवादांना फारशी डागडुजी लागली नाही. गंगाराम गवाणकरांच्या 'वस्त्रहरण'ने मालवणीचा झेंडा मुंबईत रोवला. आज 'महाराष्ट्राची हास्यजत्रा'च्या मंचावर वऱ्हाडी, आगरी, कोल्हापुरी वळणं एकामागून एक येतात, त्यांच्यामागेही दर आठवड्याला नवं लिहिणारे लेखक असतात.

त्या लेखकांवर आलेलं दडपण सक्सेनांच्या काळापेक्षा मोठं आहे. भाग जास्त, वेळ कमी. अशा वेळी बोली वरवरच्या हेलापुरती उरते. एखादं 'बे' किंवा 'गा' लावलं की वऱ्हाडी झालं, एखादी शिवी घातली की कोल्हापुरी झालं, असं वाटू लागतं. नवख्या लेखकाने हे पुस्तक वाचताना टिल्लूपाशी थांबावं, बहिऱ्या बाबांपाशी थांबावं. तिथे बोली पात्राच्या पोटातून आलेली आहे. त्या पात्राला दुसऱ्या कोणत्याही भाषेत हे म्हणताच आलं नसतं.

दुसरी गोष्ट जतनाची. दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळात टेप महाग होती आणि जुनं पुसून नवं मुद्रित करण्याची रीत होती. 'चिमणराव'चे बरेच भाग आज पाहायला मिळत नाहीत. लखनौच्या जुन्या कामाचीही अवस्था फार वेगळी नाही. दृश्यं गेली तरी कागद वाचवता येतात. लेखकांच्या घरी, निर्मात्यांच्या कपाटांत, जुन्या नटांकडे संहितांच्या प्रती अजून असतील. विद्यापीठांच्या मराठी आणि हिंदी विभागांनी त्या मागून घ्याव्यात, त्यांची सूची करावी आणि त्यांवर प्रबंध लिहू द्यावेत. विनोदी मालिकेच्या संहितेत त्या काळच्या घराचं रोजचं बोलणं जसं सापडतं, तसं क्वचितच दुसऱ्या कशात सापडतं.

लखनौशी महाराष्ट्राचं नातं जुनं आहे. विष्णु नारायण भातखंडे यांनी १९२६ साली तिथे संगीत महाविद्यालय उभं केलं, आणि आज ते त्यांच्याच नावाचं विद्यापीठ आहे. भातखंड्यांनी गवयांच्या गळ्यातलं धन कागदावर उतरवलं नसतं तर त्यातलं पुष्कळसं लोपलं असतं. विनोदी लेखकांच्या बाबतीत तसं काम अजून व्हायचं आहे. या पुस्तकाने त्याचा पाया घातला आहे. पुण्यात, नागपुरात, कोल्हापुरात आणि सावंतवाडीत असे लेखक आजही लिहीत आहेत. त्यांची विचारपूस त्यांच्या हयातीतच झाली, त्यांच्या संहिता नीट ठेवल्या गेल्या, आणि त्यांच्या लेखनाकडे भाषेतलं महत्त्वाचं लेखन म्हणून पाहिलं गेलं, तर या ग्रंथाचं काम पुढे चाललं असं मी समजेन.